दिवेलागणीची भूक

मंदाच्या नंबरावरून फोन आला तेव्हा शांताराम मांडवाखाली वाकून तोंडली तोडत होता. फोन खांबाला अडकवलेल्या पिशवीत होता आणि हाताला चीक लागलेला, म्हणून त्याने तो वाजू दिला. मंदा सालवडच्या नाक्यावर भाजी घेऊन बसली की दुपारी एकदा फोन करायचीच. माल संपला, अजून एक पाटी घेऊन ये. नाहीतर, पोरगी शाळेतून इथेच आली आहे, वाट बघू नको. एवढंच असायचं. फोन थांबला, परत वाजला, परत थांबला. तिसऱ्यांदा वाजला तेव्हा तो लेंग्याला हात पुसत उठला.

"हां, बोल," तो म्हणाला.

पलीकडे मंदा नव्हती. दुसरीच कोणी बाई होती आणि ती रडत होती.

"भैया, आप जल्दी आइए. दीदी गिर गयी हैं. रिक्षा में डाल के बोईसर ला रहे हैं."

"कोण बोलते?"

"मैं रुबीना. शिफा की अम्मी. आप आइए पहले."

शिफाचं नाव जागृतीच्या तोंडून रोज कानावर यायचं. त्या पोरीची आई मंदाच्या फोनवरून का बोलते आहे, हे त्याला बोईसरच्या दवाखान्याच्या पायरीपर्यंत नीट उमगलं नाही. पायरीवर एक बाई उभी होती, फोनवरची रुबीना हीच असणार. तिच्या हातात मंदाच्या चपला होत्या. तिने त्या पुढे केल्या. त्याने घेतल्या. डॉक्टर म्हणाले डोक्यातली नस फुटली, आणली तेव्हाच काही उरलं नव्हतं.

आत बाकावर दोन पोरी बसल्या होत्या, दोघी शाळेच्या गणवेशात. एक त्याची जागृती. दुसरीच्या दोन वेण्या, एक सुटलेली. दोघींनी एकमेकींचा हात धरला होता आणि दोघी समोरच्या भिंतीकडे बघत होत्या. तो आला तरी त्यांनी हात सोडला नाही.

*

दहाव्याला नवापूरच्या समुद्रावर पिंड ठेवले आणि कावळा शिवेना.

कावळे नव्हते असं नाही. ओढून ठेवलेल्या होड्यांच्या कडेवर रांगेने बसले होते. पिंडाकडे बघत नव्हते. शांतारामची थोरली बहीण रंभाबाई पुढे झाली. तिने पदर पसरला.

"मंदा, तुझ्या पोरीला मी बघन गो. काय कमी पडू देणार नाय."

कावळा हलला नाही.

चुलत भाऊ आनंदा म्हणाला, "वयनी, दादाला एकटा टाकणार नाय आमी."

तरी नाही. मग भटजींनी शांतारामला पुढे केलं. "तुम्ही बोला. त्यांच्या मनात काय राहिलं होतं ते तुम्हालाच ठाऊक असणार."

शांतारामला ठाऊक नव्हतं. इतकी वर्षं एका घरात राहून मंदाच्या मनात काय आहे हे त्याने कधी विचारलं नव्हतं. तिनेही सांगितलं नव्हतं. वेल कधी छाटायचा, मोटर कधी लावायची, एवढंच दोघं बोलायची. "दुसरं लगीन करणार नाय," तो म्हणाला. एक कावळा उडाला आणि पलीकडच्या होडीवर जाऊन बसला. भरती चढत आली. वाळू ओली व्हायला लागली तेव्हा भटजींनी दर्भाचा कावळा केला आणि त्याच्याकडून पिंड शिवून घेतला.

जागृती आत्याच्या बाजूला उभी राहून हे बघत होती. पोरीला आणू नका असं सगळे म्हणत होते, पण तिने ऐकलं नव्हतं. तिला मात्र कोणी काही विचारलं नाही.

*

तेराव्यापर्यंतचे दिवस उरकून शांताराम मांडवात गेला तर सगळा मांडव लाल झालेला. तोंडलं वेळेवर तोडलं नाही की पिकतं, आणि पिकलेलं वेलावर राहिलं की वेल नवीन धरत नाही. पोपटांनी अर्धी फोडून टाकली होती. खाली लाल चोथा पडला होता, त्यावर माशा. शांताराम पाटी लावून वाकला. मांडव मंदाच्या उंचीचा बांधलेला. तिला सरळ उभं राहून तोडता यायचं, त्याला मान वाकवावी लागायची. पहिल्या दिवशी संध्याकाळी त्याची मान वळेना. दिवसांनंतर इथेच राहिलेल्या रंभाबाईने तेल लावून दिलं.

"विकायला कोण बसणार?" ती चोळता चोळता म्हणाली. "माझे गुडघे उठू देत नाय."

त्यांच्यात पुरुष पिकवतात, बायका विकतात. नाक्यावर पाटी घेऊन बसलेला पुरुष त्या रस्त्यावर कोणी बघितला नव्हता.

"मी बसलो तर?" शांताराम म्हणाला.

ओट्यावर आनंदा बसला होता. तो हसला. "दादा, बस की. लुगडं मी आणून देतो." मग त्याचं त्यालाच बरं वाटलं नाही. "माझ्या टेम्पोत घाल. पालघरला जाईल बाकीच्या मालाबरोबर."

तेव्हापासून माल पालघरला जायला लागला आणि नाक्यावरची मंदाची जागा रिकामी पडली. त्या जागेमागेच रुबीनाची चाळ. रुबीना एमआयडीसीत पॅकिंगला जायची, तिचा नवराही कंपनीत. शाळा सुटली की शिफा आणि जागृती दोघी नाक्यावर यायच्या आणि रुबीनाची पाळी सुटेपर्यंत मंदाच्या मागे गोणपाटावर बसायच्या. अभ्यास करायच्या, भांडायच्या, गिऱ्हाईक आलं की तोंडली मोजून द्यायच्या. शिफाचं मराठी जागृतीसारखंच होतं, 'नाय' आणि 'हाय' सकट. मंदा दोघींना एकाच डब्यातलं द्यायची. हे सगळं आता बंद होतं. जागृती शाळेतून सरळ घरी यायची. येता येता नाक्यावर थोडी थांबायची, एवढंच.

आनंदाला तेही खटकायचं. "दादा, त्या सालवडच्या पोरीचा नाद कमी कर म्हण तिला. आता वयनी नाय. मोबाईलवर त्या लोकांचं काय काय येते बघतोस ना."

"पोरी हायत रे त्या."

"पोरीच तर."

 शांतारामला मोबाईलवर काय येतं ते नीट वाचताही यायचं नाही.

*

मग एका सकाळी रंभाबाई चुलीपुढे बसून म्हणाली, "भांडी वाजतात."

"कधी?"

"पहाटे. कोंबडा आरवायच्या आधी. तीन-चार दिस झाले ऐकते."

"मांजर असल, बाय."

"मांजर झाकण परत ठेवते काय रे?"

शांताराम चहा पीत राहिला. त्यानेही ऐकलं होतं. झाकण उचलल्याचा आवाज, टोपलीतली भाकरी काढल्याचा, पाण्याच्या हंड्यावर तांब्या टेकल्याचा. मंदा अशीच उठायची, दिवा न लावता. तो आवाज आला की तो डोळे मिटून पडून राहायचा. उठून बघितलं तर थांबेल, असं त्याला वाटायचं. हे त्याने बहिणीला सांगितलं नाही.

त्याच दिवसांत जागृती खाईनाशी झाली. डबा जसाच्या तसा परत यायचा. शाळेतली खिचडीही घेत नाही, असं बाईंनी निरोप पाठवून कळवलं. उन्हातून घरी आली तरी पाणी मागायची नाही. ओठ कोरडे, डोळे आत. अंगणात सारखी थुंकायची. आत्याने घास पुढे केला की तोंड फिरवायची.

आणि दिवे लागले की खायची. घरात दिवा लावला की ती ओट्यावर जाऊन सालवडच्या दिशेला तोंड करून उभी राहायची. मग आत येऊन घटाघट पाणी प्यायची आणि भाकरीवर भाकरी खायची. रंभाबाई बघत बसायची.

"दिवेलागणीला भूक लागते," ती शांतारामला म्हणाली. आवाज अगदी खाली. "दिवसाचं पाणी शिवत नाय. तुला कळतं का काय ते? कावळा शिवला नाय आपल्या मंदाला. जीव अडकला तिचा. कुठे जाणार ती? पोरीजवळच येणार."

"बाय, काहीतरी बोलू नको."

"मग तू सांग काय हाय ते."

 शांतारामला भीती वाटायला हवी होती, ती वाटत नव्हती. मंदा असेल तर असू दे, असं एक मन म्हणायचं. पोरगी वाळते आहे, असं दुसरं म्हणायचं. मांडवाखाली दिवसभर तो या दोन्हींमध्ये अडकलेला असायचा आणि हात हिरवी सोडून लाल तोंडली पाटीत टाकायचे.

आनंदाने मासवणकडचा भगत ठरवला. पुंजाराम नाव. आनंदाच्या सासुरवाडीला त्याने कोणाची तरी सून बरी केली होती. अमावस्येला येतो म्हणाला. कोंबडा, नारळ, तांदूळ तयार ठेवा.

*

अमावस्येच्या आधीचा रविवार. शाळा नव्हती म्हणून जागृती मांडवात आली. तिला वाकावं लागत नाही, ती मांडवाखालून सरळ चालते. बाप एका ओळीत, ती दुसऱ्या ओळीत. वारा बंद होता. कंपन्यांकडून तो आंबूस वास येत होता जो वारा पडला की येतो. दुपार कलली तेव्हा शेजारच्या ओळीतून पाटी पडल्याचा आवाज आला.

शांताराम धावला. पोरगी खांबाला टेकून खाली बसली होती, तोंड पांढरं. त्याने बाटली उघडली, तिच्या ओठाला लावली. तिने दात आवळले.

"पी."

तिने मान हलवली.

"पी बोलतो ना! मरायचं हाय तुला?"

पाणी हनुवटीवरून गळ्यात गेलं. तिने दोन्ही हातांनी तोंड पुसलं, जोरात, ओठांवर एक थेंब राहू नये असं. आणि रडायला लागली.

"बाबा, नको ना. मोडल माझा."

"काय मोडल?"

"रोजा."

शांताराम मातीत बसला. बाटली हातातच.

"कसला रोजा?"

"शिफाकडचा. दिवसभर काय खायचं नाय, प्यायचं नाय. थुंकी पण गिळायची नाय. कंपनीची पयल्या पाळीची बस वाजते ना, तिच्या आधी उठून खायचं. मग बांग झाली की सोडायचा."

"पहाटे भांडी तू वाजवतेस?"

"हळू काढते मी. अंधारात दिसत नाय."

 मांडवावर पोपट उतरले होते, ते हाकायलाही तो उठला नाही. पहाटे डोळे मिटून पडलेला तो स्वतःच त्याला दिसला आणि कोणीतरी थोबाडीत मारावी तसं झालं.

"तुला कोणी सांगितलं करायला?"

"कोणी नाय. शिफा करते, म्हणून मी. रोजा सोडताना जे मागल ते अल्ला देतो. तिची मम्मी बोलते."

"तू काय मागतेस?"

जागृतीने नाक पुसलं. बराच वेळ बोटांवरचा चीक खरवडत राहिली.

"आईला कावळा शिवू दे," ती म्हणाली.

*

पाणी पाजायचं की नाही, हेच त्याला कळेना. जबरदस्तीने पाजलं तर पोरगी काय धरून बसेल सांगता येत नव्हतं. न पाजावं तर ती पुन्हा पडेल. ज्यांचा रोजा आहे त्यांनाच विचारावं, एवढंच डोक्यात आलं. त्याने तिला सायकलच्या कॅरेजवर बसवलं आणि सालवडला नेलं.

चाळीतल्या गल्लीत एका दारापुढे बादल्या ठेवलेल्या. उंबऱ्यावर शिफा बसली होती. तिच्या हातात कुरकुरेचं पाकीट होतं आणि बोटं नारिंगी.

जागृती कॅरेजवरून उतरली आणि तिथेच उभी राहिली.

"तू खातेस?"

शिफाने पाकीट पाठीमागे नेलं.

"तू रोजा नाय धरलास?"

"पयला धरला होता ना. अर्धा."

"अर्धा?"

"मम्मी बोलली तू छोटी हायस, पुढच्या वर्षी धर."

"मग मला रोज का सांगत होतीस, माझा पण हाय म्हणून?"

"तू एवढी मस्त धरत होतीस," शिफा म्हणाली. तिने बोटं फ्रॉकला पुसली. "मला कसंतरी वाटलं."

"खोटारडी."

"तूच खोटारडी. घरी सांगितलं नाय."

आवाज ऐकून रुबीना बाहेर आली, डोक्यावर ओढणी घेत, हाताला बेसन. शांतारामला बघून दचकली. त्याने मोडक्या हिंदीत सांगितलं. पोरगी खाती नहीं. दिन को पानी नहीं पीती. आपके जैसा रोजा पकडती है.

रुबीनाने कपाळावर हात मारला. बेसन कपाळाला लागलं. "या अल्लाह. किसने बोला तुझको? शिफा! तूने बोला?" तिने पोरीच्या पाठीत एक धपाटा घातला. मग जागृतीजवळ बसली. "बेटा, छोटे बच्चों पे रोजा नहीं होता. तेरे पे तो है ही नहीं. चल, पानी पी. कोई गुनाह नहीं."

जागृतीने मान हलवली.

"क्यों रखा, ये तो बता."

तिने बापाकडे बघितलं. सांगायचं शांतारामवर आलं. "वो हमारे में... दसवे दिन को कौआ को खाना रखता है. मरे हुए के नाम से. वो नहीं खाया. इसलिए मांगती है."

"कौआ?"

"हां. कौआ खाया तो वो... सुटली. मतलब गयी, आराम से."

रुबीना त्याच्याकडे बघत राहिली. तिला सगळं समजलं की नाही कोण जाणे. "दीदी के वास्ते?" ती म्हणाली. शांतारामने मान हलवली. रुबीना उठून आत गेली आणि बराच वेळ बाहेर आली नाही. आत स्टोव्ह चालू असल्याचा आवाज येत होता.

जागृती बांगेपर्यंत थांबणार म्हणाली. मग सगळेच थांबले. शांतारामला प्लास्टिकची खुर्ची दिली होती, त्यात तो अवघडून बसला. येणारे-जाणारे कामगार वळून बघत होते. बांग झाली. रुबीनाने दोघींपुढे एक ताटली ठेवली, खजूर, भजी, कापलेलं कलिंगड. जागृतीने डोळे मिटले, ओठ हलवले, मग खजूर खाल्ला. शिफा ताटलीच्या दुसऱ्या बाजूने खात होती. दोघी एकमेकींशी बोलल्या नाहीत. पण शिफाने कलिंगडाच्या बिया काढून एक फोड मधे सरकवली, आणि थोड्या वेळाने जागृतीने ती उचलली.

निघताना रुबीना गल्लीच्या तोंडापर्यंत आली.

"भैया, एक बात. ये किसी को बोलना मत. लोग बोलेंगे हमने सिखाया. इसके अब्बू की नौकरी इधर, कमरा इधर. आप समझते हैं ना, आजकल का?"

"समझता."

"थोड़े दिन दोनों को मिलने भी मत दो. फिर देखेंगे."

त्याला तसं नको होतं. तो "हां" म्हणाला. रस्त्याने सायकल हातात धरून चालताना तो पोरीला म्हणाला, "आत्याला काय बोलायचं नाय."

"का?"

"मी बोलतो म्हणून."

"भगत येणार हाय ना पण?"

"येऊ दे. येऊन जाईल."

*

घरी गेल्या गेल्या सांगून टाकावं असं त्याला वाटत होतं. ओट्यावर रंभाबाई तांदूळ निवडत बसली होती आणि आनंदा कोंबड्याचे पाय बांधत होता. बाय, पोरगी रोजे धरत होती, पहाटे तीच उठत होती. एवढी दोन वाक्यं. पण आनंदा समोर होता. तो उठून दहा जणांना घेऊन सालवडच्या गल्लीत जाईल, हे शांतारामला डोळ्यापुढे दिसत होतं. ती खुर्ची, त्या बादल्या. त्याने वाक्यं गिळली. आनंदा गेल्यावर बहिणीला एकटीला सांगू, असं त्याने ठरवलं. आनंदा गेल्यावर त्याला वाटलं, ही आनंदाला सांगणारच.

दुसऱ्या दिवसापासून जागृती दुपारची जेवायला लागली, डबा रिकामा यायला लागला. रंभाबाईला त्याचीही भीती वाटली. "भगत येणार हे कळलंय तिला. म्हणून गप हाय," ती म्हणाली. ती म्हणजे मंदा.

अमावस्येच्या संध्याकाळी पुंजाराम आला. लहानखुरा म्हातारा, डोक्याला टॉवेल. पाणी मागून प्यायला, बिडी ओढली, मग सुपात तांदूळ घेऊन बसला. जागृतीला पाटावर बसवलं. रंभाबाईने तिच्या वेण्या सोडल्या. धुपाचा धूर झाला, पोरगी खोकायला लागली. भगत दाणे टाकत होता, मोजत होता, पुसत होता, परत टाकत होता.

"घरातलं माणूस गेलेलं हाय," तो म्हणाला.

"हाय, बाबा," रंभाबाई म्हणाली.

"बाईमाणूस."

"हां."

त्याने सूप खाली ठेवलं. सगळ्यांकडे एकेक करून बघितलं. "घरात कोणाला काय म्हायत असल तर आता बोला. मग मी कामाला लागलो की मधे बोलू नका."

कोणी बोललं नाही. जागृतीने मान वळवून बापाकडे बघितलं. केस तोंडावर आलेले, त्यातून एकच डोळा दिसत होता. शांताराम मांडीवरच्या हातांच्या नखांकडे बघत बसला. 

मग भगताने तिच्या डोक्यावर हात ठेवला आणि विचारलं, "कोण हायस? बोल."

"मी जागृती."

"कोण हायस?"

"जागृती. पाचवीत हाय."

"ती बोलत नाय," आनंदा मागून म्हणाला. "लपून बसली."

भगताने मोरपिसाचा कुंचा तिच्या पाठीवर मारला, लागेल असा नाही. तरी रंभाबाई रडायला लागली. "मंदा, जा गो बाय. पोरीला सोड. आमी बघतो तिला." पोरगीही रडायला लागली, आणि ती रडली म्हणजे सुटली असं सगळ्यांनी धरलं. कोंबडा बांधावर नेला. शांतारामला उतारा घेऊन मागे न बघता चालायला सांगितलं. तो चालला. तोंडल्याच्या मांडवाशी नारळ आणि दही-भात ठेवून परत आला. येताना त्याच्या मनात आलं, आपण नसलेल्या मंदाला घालवून आलो. मग वाटलं, असलेल्या मंदाला घालवली असेल तर?

त्यानंतर पहाटे भांडी वाजली नाहीत. तो जागा होऊन ऐकत पडायचा. पहिल्या पाळीची बस वाजायची, मग कोंबडे.

*

गुण आला, असं गावात झालं. आनंदा ज्याला त्याला सांगायचा, भगताने एका बैठकीत मोकळी केली. टेम्पोबरोबर ती गोष्ट नाक्यावर गेली, नाक्यावरून शाळेत गेली. रमजान संपला, ईद झाली. इकडून कोणी तिकडे गेलं नाही, तिकडून कोणी आलं नाही.

एका दुपारी जागृती शाळेतून आली ती सरळ मांडवात. दप्तर पाठीवरच.

"शिफाने बाक बदलला," ती म्हणाली.

शांताराम वाकलेलाच होता. "भांडलात?"

"नाय. मी बोलायला गेली तर ती पळते. बाईंना सांगून पुढे जाऊन बसली."

"तिच्या आईने सांगितलं असल."

"नाय. ती घाबरते. सगळे बोलतात माझ्या अंगात आई आली होती." तिने एक लाल तोंडलं तोडलं आणि चिरडलं. "शिफा बोलते, ती रोज्याचं खोटं बोलली ना, म्हणून आईला राग आला. म्हणून आई आली. आता तिच्याकडे येईल."

"तिला म्हायत हाय की तू रोजे धरत होतीस. भूत कुठलं?"

"मी सांगितलं. ती बोलते, मग भगत का आला? तुझे बाबा तिथेच बसले होते, ते काय बोलले नाय. म्हणजे असलंच ना."

शांताराम हळूहळू सरळ झाला. मांडवाची तार डोक्याला लागली.

"आई तिला किती... एकदा तिचा दात पडला तर आईने पदराने रक्त पुसलं होतं," जागृती म्हणाली. "आई तिच्यावर कशाला रागावेल? बाबा, तू सांग ना तिला. तुझं ऐकल."

"सांगतो."

"कधी?"

"सांगतो बोललो ना."

ती उभीच राहिली. मग हळू आवाजात तिने विचारलं, "बाबा, आली तर नव्हती ना खरंच?"

 "नाय," तो म्हणाला. पण म्हणायला वेळ लागला, आणि पोरीने तो वेळ बघितला.

दुसऱ्या दिवशी माल लवकर आटपून तो सायकल घेऊन सालवडला गेला. नाक्यावर मंदाच्या जागी आता एक पोऱ्या मोबाईलची कव्हरं विकत होता. गल्लीच्या तोंडाशी नळ होता. शिफा हंडा भरत होती. तिने मान वर केली, शांतारामला बघितलं. मागे कोणी आहे का तेही बघितलं, त्याच्या खांद्यामागे, जिथे कोणी नव्हतं. मग हंडा तसाच वाहता सोडून ती पळाली. दार लागल्याचा आवाज झाला.

त्याने पुढे होऊन नळ बंद केला. हंडा दारापर्यंत नेऊन ठेवावा असं त्याला वाटलं. गल्लीत बायका बघत होत्या. दारामागे ते पोर उभं असणार, आणि तो जितका जवळ जाईल तितकं ते घाबरणार. काय म्हणून हाक मारायची, आणि कोणत्या शब्दांत सांगायचं की तुझ्यावर कोणी रागावलेलं नाही, हे त्याला जुळवता येईना. आधी आपल्या घरात सांगायला हवं होतं, असंही वाटलं. तो थोडा वेळ नळाशी उभा राहिला आणि परत फिरला.

जागृती ओट्यावर वाट बघत होती. तिने विचारलं नाही, त्याने सांगितलं नाही.

आता वेल छाटून झाला आहे. मांडवाच्या दक्षिणेकडचे दोन खांब कुजले होते, ते बदलले. रंभाबाई पाडव्यानंतर तिच्या घरी गेली, तिला काही सांगितलेलं नाही. आनंदालाही नाही. जागृती शाळेत एकटी बसते. शिफाला सांगायचं अजून राहिलं आहे.